महिना, चित्रपट, दिवस : मराठी चरित्र अभिनेत्याच्या व्यवसायाचा इतिहास

नायकाचा बाप, नायिकेची सासू, गावचा पाटील, पोलिस ठाण्यातला फौजदार, कोर्टातला न्यायाधीश या माणसांवाचून कोणतीही कथा उभी राहत नाही. त्यांच्या भूमिका करणारा नट ‘चरित्र अभिनेता’ म्हणून ओळखला जातो. त्याचे स्थान नायक आणि गर्दीतला ज्युनिअर आर्टिस्ट यांच्या मधले. तिकीट त्याच्या नावावर विकले जात नाही, पण त्याच्याशिवाय चित्रीकरणही सुरू होत नाही. नायकाची कारकीर्द बहुधा दहा-पंधरा वर्षांत आटोपते. चरित्र अभिनेता चाळीस-पन्नास वर्षे काम करत राहतो आणि त्या काळात धंद्याची सगळी रूपे त्याच्या अंगावरून जातात. मराठी नटांच्या बाबतीत तर हा प्रवास पैसे देण्याच्या पद्धतीवरून सरळ वाचता येतो. आधी महिन्याचा पगार होता, मग चित्रपटामागे ठरलेली रक्कम आली आणि शेवटी दिवसाचा दर. प्रत्येक बदलाबरोबर नट कोण असणार, तो कुठे राहणार आणि कशा भूमिका करणार हेही बदलत गेले.

सुरुवात पगारी नोकरीची. १९१३ साली प्रदर्शित झालेल्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये दत्तात्रय दामोदर दाबके हरिश्चंद्र होते आणि अण्णा साळुंके तारामती. चित्रपटात काम करायला स्त्रिया तयार होत नव्हत्या. साळुंके एका हॉटेलात काम करत होते, तिथे त्यांना दहा रुपये मिळत आणि फाळक्यांनी पंधरा देऊ केले, अशी हकीकत सर्वत्र सांगितली जाते. मंडळींनी कुठे काम करता असे कोणी विचारले तर ‘हरिश्चंद्राच्या कारखान्यात’ असे सांगावे, ही फाळक्यांची सूचनाही प्रसिद्ध आहे. ही सूचना निव्वळ लाजेपोटी नव्हती. ते खरोखरच कारखान्यासारखे चाले. नट कंपनीत राहत, तिथेच जेवत आणि चित्रीकरण नसेल तेव्हा पडेल ते काम करत. भूमिका हा नोकरीतला एक भाग होता. ‘लंकादहन’मध्ये (१९१७) याच साळुंक्यांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. कंपनीचा माणूस हाताशी असेल तर दुसरा कशाला शोधायचा, असा तो हिशेब असावा.

कोल्हापुरात बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीतही रीत हीच. झुंजारराव पवार, बाळासाहेब यादव, बाबूराव पेंढारकर, व्ही. शांताराम ही सगळी त्या कंपनीत वाढलेली माणसे. मूकपटात आवाजाला किंमत नव्हती, चेहरा आणि शरीरयष्टी पुरे. त्यामुळे या पहिल्या पिढीत भक्कम देहाचे, घोड्यावर बसणारे, तलवार फिरवणारे लोक जास्त दिसतात. ‘सावकारी पाश’ (१९२५) हा त्यातला वेगळा चित्रपट. त्यात शांतारामांनी सावकाराच्या कचाट्यात सापडलेला तरुण शेतकरी उभा केला आणि पौराणिक पोशाखाबाहेरही पात्रे असू शकतात हे पडद्यावर दिसले.

बोलपट आला आणि हे गणित उलटले. प्रभात फिल्म कंपनी १ जून १९२९ रोजी कोल्हापुरात स्थापन झाली होती. तिचा ‘अयोध्येचा राजा’ १९३२ मध्ये आला. त्यात हरिश्चंद्र झाले गोविंदराव टेंबे. ते मूळचे हार्मोनियमवादक, संगीतरचनाकार आणि नाटकमंडळीचे माणूस. आता ज्याची वाणी तयार, त्याला काम. अशी माणसे एकाच ठिकाणी भरपूर मिळत, ती म्हणजे मराठी रंगभूमीवर. नेमक्या याच काळात नाटक कंपन्या एकामागून एक मोडत होत्या. बोलपटाने त्यांचा प्रेक्षक पळवला आणि त्यांच्या नटांना पगारही दिला.

या स्थलांतराचे सर्वांत लखलखीत उदाहरण केशवराव दाते. १८८९ साली जन्मलेले दाते महाराष्ट्र नाटक मंडळीत घडले. १९३३ मध्ये नाट्यमन्वंतर संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आणले आणि मराठी नाटकात वास्तववादी अभिनयाची चर्चा सुरू झाली, त्यातही ते होते. लगेच पुढच्या वर्षी प्रभातच्या ‘अमृतमंथन’मध्ये त्यांनी राजगुरू साकारला. प्रभात त्या काळी एकाच सेटवर मराठी आणि हिंदी अशा दोन आवृत्त्या काढत असे. हिंदी ‘अमृतमंथन’मध्ये राजगुरू होते चंद्रमोहन, आणि त्यांच्या डोळ्यांचा क्लोजअप देशभर गाजला. मराठीत तीच भूमिका दात्यांनी पूर्णपणे आवाजाच्या आणि संयमाच्या बळावर केली. एकच दिग्दर्शक, एकच पटकथा, आणि दोन नटांनी दोन वेगळी माणसे निर्माण केलेली. चरित्र अभिनेता म्हणजे नेमके काय हे समजून घ्यायला याहून चांगला धडा सापडणे कठीण.

‘कुंकू’ (१९३७) आणि त्याची हिंदी आवृत्ती ‘दुनिया न माने’ या दोन्हींत दातेच काकासाहेब वकील होते. कोवळ्या मुलीशी लग्न लावून घेणारा हा म्हातारा कथेतला अपराधी. तो सरळसोट खलनायक केला असता तर चित्रपट प्रचारपट झाला असता. दात्यांनी त्याच्यात लाज, हट्ट आणि शेवटी पश्चात्ताप असे थर एकावर एक चढवले आणि शांता आपटे यांच्या बंडखोर नीराला तोलामोलाचा प्रतिपक्ष मिळाला. ‘शेजारी’ (१९४१) मध्ये ते पाटील होते आणि गजानन जागीरदार मिर्झा. हिंदी ‘पडोसी’त हिंदू ठाकूर मजहर खान यांनी केला आणि मुसलमान मिर्झा पुन्हा जागीरदारांनीच. हिंदू नट मुसलमानाच्या आणि मुसलमान नट हिंदूच्या भूमिकेत, ही शांतारामांची योजना होती. दाते पुढे शांतारामांबरोबर मुंबईत राजकमलमध्ये गेले. ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ (१९४६) मध्ये कोटणिसांचे वडील आणि ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५) मध्ये नृत्यगुरू अशा भूमिका करत राहिले. म्हणजे साठी ओलांडल्यावरही त्यांना काम होते आणि ते एका मालकाच्या भरवशावर होते.

या भरवशाला दुसरी बाजू होती. पगारी नटाला बाहेरचे काम घेता येत नसे, आणि कंपनीने काम दिले नाही तर त्याला नुसते बसून राहावे लागे. जुलै १९३९ मध्ये शांता आपटे करारावरून प्रभातच्या दारातच उपोषणाला बसल्या. त्या नायिका होत्या, त्यामुळे त्याची बातमी झाली. चरित्र नटाने असे काही केले असते तर त्याच्या जागी दुसरा आणला गेला असता, इतकेच. पुढच्याच वर्षी आपटे यांनी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहिले. चित्रपटधंद्यातल्या मालक-नोकर संबंधांकडे इतक्या रोखठोक नजरेने पाहणारे पुस्तक त्याआधी मराठीत नव्हते आणि त्यानंतरही फारशी झाली नाहीत.

पगाराच्या चौकटीतून स्वतःहून बाहेर पडणाऱ्या पहिल्या काही कलावंतांत दुर्गा खोटे यांचे नाव घ्यावे लागते. प्रभातच्या ‘अयोध्येचा राजा’मध्ये तारामती केल्यानंतर त्या कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सकडे गेल्या, परत प्रभातकडे येऊन ‘अमरज्योती’ (१९३६) केला आणि कोणत्याही एका कंपनीला बांधून घेतले नाही. वैधव्य लवकर आले होते, दोन मुलांचा संसार होता. हा धोका त्यांनी हौसेने नव्हे, विचारपूर्वक पत्करला होता. पुढे तीच वाट राजमार्ग झाली. महायुद्धाच्या वर्षांत कंत्राटदारांचा नवा पैसा धंद्यात आला, एका चित्रपटापुरते उभे राहणारे निर्माते आले आणि नटांना चित्रपटामागे रक्कम मोजू लागले. पगारावर माणसे सांभाळणारे स्टुडिओ या स्पर्धेत टिकले नाहीत. शांताराम १९४२ मध्ये प्रभातमधून बाहेर पडले होते, आणि १९५३ मध्ये प्रभात बंद झाली. तिच्याच पुण्यातल्या जागेवर १९६० मध्ये फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली आणि तिचे पहिले प्रमुख झाले ‘शेजारी’तले मिर्झा, गजानन जागीरदार.

चित्रपटामागे रक्कम घेणाऱ्या नटाने मुंबईत राहणे भाग होते. एका दिवसात दोन शिफ्ट, सकाळी दादरला आणि संध्याकाळी अंधेरीला, हा प्रकार इथून सुरू झाला. उत्पन्न वाढले, पण त्यासाठी सतत दिसत राहणे आले. ठरावीक साच्यात बसणाऱ्या नटाला जास्त कामे मिळू लागली, कारण निर्मात्याला समजावून सांगत बसण्याची गरज नव्हती. अमुक नट आला की बाप आला, तमुक आला की इन्स्पेक्टर. जगदीश राज यांनी १४४ चित्रपटांत पोलिस अधिकारी केल्याची गिनेस बुकात नोंद आहे. साचा ही कलेच्या दृष्टीने शिक्षा असेल. पोटाच्या दृष्टीने ती पेन्शनच होती.

ललिता पवार यांच्या कारकिर्दीत हे सगळे एकवटलेले दिसते. येवल्याला १९१६ मध्ये जन्मलेल्या ललिताबाई मूकपटांपासून काम करत होत्या, नायिका होत्या, ‘दुनिया क्या है’ या चित्रपटाच्या निर्मात्याही होत्या. १९४२ मध्ये एका चित्रीकरणात भगवानदादांनी मारलेली थप्पड जोरात बसली. चेहऱ्याच्या एका बाजूला अर्धांगवायू झाला, उपचार वर्षानुवर्षे चालले आणि डाव्या डोळ्यात कायमचा दोष राहिला. नायिकेची दारे बंद झाली. ‘रामशास्त्री’त (१९४४) त्या आनंदीबाई झाल्या आणि ‘दहेज’मध्ये (१९५०) सासू. त्या बारीक झालेल्या डोळ्याने पुढची तीस वर्षे हिंदी चित्रपटाला खाष्ट सासू पुरवली. प्रेक्षक मात्र एक गोष्ट विसरतो. ‘श्री ४२०’मधली केळेवाली आणि ‘अनाडी’तली मिसेस डिसा, ज्या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला, या दोन्ही प्रेमळ बायका आहेत. साच्याबाहेर काय करता येते हे दाखवायची संधी त्यांना फार थोड्या वेळा मिळाली आणि त्यांनी ती एकदाही वाया घालवली नाही.

इथे स्त्री आणि पुरुष नटांतला फरक ठळक होतो. पुरुष चाळिशीत नायक राहू शके. स्त्री तिशी ओलांडली की आई. लीला चिटणीस ‘कंगन’च्या (१९३९) नायिका होत्या आणि दहा-बारा वर्षांत त्या ‘आवारा’त राज कपूरच्या आई झाल्या. सुलोचनादीदी मराठीत नायिका असतानाच हिंदीत आई करू लागल्या. पुढच्या पिढीतही यात सुधारणा झाली नाही. ‘सारांश’मध्ये (१९८४) वृद्ध आई साकारताना रोहिणी हट्टंगडी तेहतीस वर्षांच्या होत्या, आणि ‘अग्निपथ’मध्ये (१९९०) त्या आपल्यापेक्षा नऊ वर्षांनी मोठ्या अमिताभ बच्चन यांच्या आई झाल्या. रीमा लागू ‘मैंने प्यार किया’मध्ये सलमान खानच्या आई होत्या, वयात अंतर सात वर्षांचे. ‘वास्तव’मध्ये (१९९९) संजय दत्तच्या आई, अंतर एका वर्षाचे. हा अन्याय होताच. पण याच अन्यायामुळे स्त्री कलावंतांची चरित्र भूमिकांतली कारकीर्द पुरुषांपेक्षा लांब झाली, हेही नोंदवायला हवे. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सहायक अभिनेता-अभिनेत्रींसाठी वेगळा विभाग १९८४ सालच्या चित्रपटांपासून सुरू झाला आणि सहायक अभिनेत्रीचा पहिला पुरस्कार ‘पार्टी’साठी हट्टंगडी यांनाच मिळाला.

मुंबईत हिंदीचा पसारा वाढत असताना कोल्हापूर-पुण्याचा मराठी चित्रपट वेगळ्या वाटेने चालला होता. भालजी पेंढारकरांच्या जयप्रभा स्टुडिओभोवती नटांचा गोतावळा होता. ‘सांगत्ये ऐका’ (१९५९) नंतर तमाशापटांची लाट आली आणि तिच्याबरोबर पाटील, सरपंच, सावकार या भूमिकांची मागणी. या मागणीला सर्वांत मोठे उत्तर मिळाले निळू फुले यांच्या रूपात.

फुले कोणत्याही नाटक कंपनीतून आले नव्हते. पुण्यात लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात ते माळीकाम करत आणि राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात वगनाट्ये. ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्याने त्यांना नाव दिले आणि अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’ने (१९६८) चित्रपट दिला. त्यातले झेलेअण्णा गाजले आणि साचा तयार झाला. खर्जातला आवाज, तिरका कटाक्ष, वाक्य संपता संपता हळूच सोडून देणे. ग्रामीण भागात बायका त्यांना पाहून घाबरत, असे किस्से अजूनही सांगितले जातात. पण हा माणूस साच्यात राहून साच्याची चिरफाड करत होता. १९७२ मध्ये कमलाकर सारंग यांनी रंगभूमीवर आणलेल्या ‘सखाराम बाइंडर’मध्ये ते सखाराम होते. जब्बार पटेल यांच्या ‘सामना’त विजय तेंडुलकरांनी लिहिलेला साखरसम्राट हिंदुराव धोंडे पाटील त्यांनी केला आणि १९७५ मध्ये तो चित्रपट बर्लिनच्या महोत्सवात गेला. तमाशापटातल्या पाटलाची वासना दिसे, हिंदुरावाची सत्ता दिसते. तो कोणावर ओरडत नाही, कारण त्याला ओरडावे लागत नाही. ‘सिंहासन’मध्ये (१९७९) तर फुले यांना पत्रकार दिगू टिपणीस मिळाला. सगळे पाहणारा, सगळे समजणारा आणि काहीही बदलू न शकणारा माणूस. पाटलाची ओळख पुसायला हा एक चित्रपट पुरेसा ठरायला हवा होता. निर्मात्यांनी मात्र पुढेही त्यांच्याकडे पाटीलच पाठवले. हिंदीत ‘सारांश’मध्ये ते गुंड पुढारी झाले, म्हणजे पाटील फक्त शहरात आला.

फुल्यांचे माळीकाम अपवादात्मक नव्हते. साठ-सत्तरच्या दशकांतल्या बहुतेक मराठी नटांना दुसरी नोकरी होती. मराठी चित्रपटाचा मोबदला बेताचा, नाटकाची ‘नाईट’ त्याहून बेताची. श्रीराम लागू कान-नाक-घशाचे शल्यविशारद होते. वयाची चाळिशी उलटल्यावर त्यांनी व्यवसाय सोडला, ‘नटसम्राट’ केले, ‘पिंजरा’ केला आणि ‘घरौंदा’साठी सहायक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार घेतला. मोहन आगाशे मानसोपचारतज्ज्ञ. अशोक सराफ स्टेट बँकेत. मुंबईतल्या बँका आणि सरकारी कचेऱ्यांत त्या काळी नाटकवेड्यांची फौजच होती. १९५४ पासून राज्य नाट्यस्पर्धा भरत होती आणि बँकांच्या आपापसांतल्या एकांकिका स्पर्धाही चुरशीने होत. दहा ते पाच नोकरी, संध्याकाळी तालीम, रविवारी प्रयोग. या दिनक्रमाने नटाला एक मोठी गोष्ट दिली. भाड्यासाठी वाईट भूमिका घ्यायची सक्ती त्याच्यावर नव्हती. मराठी चरित्र अभिनयाचा दर्जा त्या दोन दशकांत का उंचावला याचे अर्धे श्रेय या सुरक्षित पगारांना द्यायला हरकत नाही.

दूरदर्शनचे मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले ते अशा नटांसाठी सोयीचे ठरले. वरळीचा स्टुडिओ शहरातच, काम थोडक्यात आटोपणारे. ‘चिमणराव-गुंड्याभाऊ’ मालिकेत दिलीप प्रभावळकर चिमणराव आणि बाळ कर्वे गुंड्याभाऊ झाले आणि चि. वि. जोशींची पात्रे कायमची त्या चेहऱ्यांची झाली. पैसा फारसा नव्हता. पण नाटकाच्या शंभर प्रयोगांत जेवढे लोक पाहत नसत तेवढे एका संध्याकाळी पाहत. रस्त्यात लोक नटाला पात्राच्या नावाने हाक मारू लागले.

पुढचा टप्पा प्रायोजित मालिकांचा. ‘हम लोग’ १९८४ मध्ये आली आणि २५ जानेवारी १९८७ पासून ‘रामायण’. रामानंद सागर यांच्या या मालिकेचे चित्रीकरण महाराष्ट्राच्या सीमेलगत गुजरातमधल्या उंबरगावला होई. तिच्या भूमिका-वाटपात या व्यवसायाची तीन पर्वे एकत्र आलेली दिसतात. मूकपटापासून काम करणाऱ्या ललिता पवार मंथरा झाल्या. ‘सांगत्ये ऐका’च्या नायिका जयश्री गडकर कौसल्या. आणि त्यांचे पती, मराठी रंगभूमीवरचे बाळ धुरी, दशरथ. पन्नासहून अधिक वर्षे चित्रपटात खर्चून ललिताबाईंना मिळाली नसेल एवढी घराघरातली ओळख त्या एका कुबडीने दिली.

बाळ धुरींचा आणखी एका कारकिर्दीशी संबंध आहे. सेंट्रल बँकेत नोकरी करणारे शिवाजी साटम त्यांना बँकांच्या नाट्यस्पर्धेत दिसले आणि धुरींनी त्यांना ‘संगीत वरद’ या नाटकात आणले. साटम पुढे चित्रपटांत बाप आणि पोलिस अशा भूमिका करत राहिले. ‘वास्तव’मध्ये संजय दत्तचे वडील तेच. २१ जानेवारी १९९८ रोजी सोनी वाहिनीवर ‘सीआयडी’ सुरू झाली. निर्माते बी. पी. सिंग स्वतः दूरदर्शनचे जुने छायालेखक. साटम त्यात एसीपी प्रद्युम्न झाले आणि वीस वर्षे तेच राहिले. २००४ मध्ये या मालिकेने १११ मिनिटांचा एक भाग न कापता सलग एका शॉटमध्ये चित्रित केला. नाटकाच्या नटाला त्यात घाबरण्यासारखे काही नव्हते. २०१८ मध्ये मालिका थांबली आणि डिसेंबर २०२४ मध्ये पुन्हा सुरू झाली तेव्हा चौऱ्याहत्तर वर्षांचे साटम त्याच पदावर रुजू झाले. या वीस वर्षांत त्यांना ‘उत्तरायण’सारख्या मराठी चित्रपटात उतारवयातले प्रेम साकारायला मिळाले. आपण काय करू शकतो हे दाखवायला तेवढे पुरले. लोकांना मात्र दार तोडायला सांगणारा एसीपीच हवा होता.

‘सीआयडी’ आठवड्याची मालिका होती. चरित्र नटाचे आयुष्य खऱ्या अर्थाने बदलले ते दैनंदिन मालिकांनी. दूरदर्शनवरची ‘दामिनी’ ही मराठीतली पहिली दैनंदिन मालिका मानली जाते. १५ ऑगस्ट १९९९ रोजी अल्फा मराठी वाहिनी सुरू झाली, पाठोपाठ ई टीव्ही मराठी. त्या वाहिनीवर २००१ मध्ये सुरू झालेल्या ‘चार दिवस सासूचे’ने तीन हजारांहून अधिक भाग केले आणि ती २०१३ पर्यंत चालली. तिच्या केंद्रस्थानी सून नव्हे, सासू होती, आणि त्या भूमिकेत रोहिणी हट्टंगडी. कस्तुरबासाठी बाफ्टा मिळवलेल्या अभिनेत्रीला सर्वांत दीर्घ काम दिले ते छोट्या पडद्याने. हिंदीत ‘पवित्र रिश्ता’ने (२००९) उषा नाडकर्णींना तीच जागा दिली.

या मालिकांचा हिशेब दिवसावर चालतो. नटाचा ‘पर डे’ ठरतो, महिन्याला किमान किती दिवस मिळतील हे करारात लिहिले जाते, आणि पैसे बहुधा नव्वद दिवसांनी हाती येतात. शिफ्ट बारा तासांची. वाहिनीकडे भागांची ‘बँक’ शिल्लक असली तर थोडी उसंत, नसली तर आज चित्रित झालेले दृश्य उद्या-परवा दिसते. संवाद अनेकदा सेटवरच हाती पडतात. नाटकातला नट एक भूमिका महिनाभर घोळवतो, इथे त्याला वीस मिनिटांत चार पाने पाठ करायची असतात. पात्राचा ‘ट्रॅक’ चालू असेल तोवर काम. टीआरपी घसरला की लेखक आजोबांना तीर्थयात्रेला पाठवतात किंवा भिंतीवरच्या फोटोला हार घालतात. हा हार नटाच्या दृष्टीने नोटीसच. शिवाय मालिकेच्या तारखा सांभाळताना नाटकाचे दौरे सुटतात. ज्या रंगभूमीने हे नट घडवले तिच्याकडे आता ते फक्त शनिवार-रविवारी वळू शकतात. १९५८ पासून काम करणारी सिंटा ही कलावंतांची संघटना कामाचे तास आणि थकलेली देणी यांवरून भांडत आली आहे, पण नकार देणाऱ्याच्या जागी दुसरा मिळतो ही प्रभातच्या काळातली अडचण इथेही आहेच.

दैनंदिन मालिकांनी एक चांगले घडवले. गोरेगावची चित्रनगरी, मढ आणि ठाण्याचा घोडबंदर रस्ता इथले भाडे आणि गर्दी टाळण्यासाठी काही निर्माते सातारा-कोल्हापूरकडे वळले. ‘तुझ्यात जीव रंगला’ कोल्हापूरच्या परिसरात आणि ‘लागिरं झालं जी’ साताऱ्याकडे चित्रित झाली, आणि तिथल्या हौशी रंगभूमीवरच्या कितीतरी जणांना मुंबईत भाड्याची खोली न घेता पडद्यावरचे पहिले काम मिळाले. कोल्हापुरी, सातारी बोली पूर्वी पुण्या-मुंबईचे नट ओढूनताणून बोलत. आता त्या मातीतले लोकच बोलू लागले. दुसरा बदल पात्रनिवडीचा. पूर्वी दिग्दर्शकाच्या किंवा व्यवस्थापकाच्या ओळखीवर काम मिळे, आता कास्टिंग डिरेक्टर आले आणि फोनवर स्वतःच चित्रित केलेली ऑडिशन पाठवली जाऊ लागली. २०१८ च्या ‘सेक्रेड गेम्स’ या वेबमालिकेत जितेंद्र जोशी यांनी काटेकर हवालदार केला. हिंदी चित्रपटाने मराठी माणसाला वर्षानुवर्षे हवालदाराचीच वर्दी दिली होती. या वेळी त्या हवालदाराला घर होते, बायको होती, अपराधभाव होता.

दिवसाच्या हिशेबाचा कस २०२० मध्ये लागला. टाळेबंदीत चित्रीकरणे बंद पडली आणि दिवसावर जगणाऱ्यांचे उत्पन्न त्याच दिवशी थांबले. ३० मे रोजी राज्य सरकारने चित्रीकरणाला सशर्त परवानगी दिली, त्यात पासष्ट वर्षांवरील कोणालाही सेटवर येऊ देऊ नये अशी अट होती. ती वाचताच आजी-आजोबा, सासू-सासरे, न्यायाधीश आणि शंकराचार्य करणाऱ्यांची अख्खी पिढी घरी बसली. सत्तरीतल्या एका नटाने मुंबई उच्च न्यायालयात धाव घेतली. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात न्यायालयाने ही अट भेदभाव करणारी ठरवून रद्द केली. दुकाने उघडायला वयाची अट नाही तर नटालाच का, असा त्यातला मुख्य मुद्दा होता. ज्येष्ठ नट कामावर परतले. धोका खरा होता. गोव्यात जन्मलेल्या, ‘मत्स्यगंधा’ नाटकापासून रंगभूमी गाजवणाऱ्या आणि नंतर चित्रपट-मालिकांत आईच्या भूमिका करणाऱ्या आशालता वाबगावकर यांना सप्टेंबरमध्ये साताऱ्यात मालिकेचे चित्रीकरण सुरू असताना संसर्ग झाला आणि २२ सप्टेंबर २०२० रोजी, एकोणऐंशीव्या वर्षी, त्यांचे तिथेच निधन झाले. मालिकेतली त्यांची भूमिका दुसऱ्या अभिनेत्रीकडे गेली.